स्टँडचा ढिला पाय

सिनेमावाल्या बाईला एक वाईट खोड होती. दुसऱ्याच्या घरात येऊन ती घरच्याच माणसांना बसायला शिकवायची.

"दादा, खिडकीशी बसा. हात मांडीवर. काही करू नका, रोज बसता तसेच."

कारखाना बंद पडून चौदा महिने झाले होते. बेकारीवर फिल्म करायची म्हणून बाई कॅमेरावाल्याला घेऊन तीन दिवस येत होती. दादा म्हणजे लेथवरचा टर्नर. केसाचा फरक न पडू देता पंपाचे दांडे कातणारा. मांडीवर ठेवले की त्याचे हात त्यालाच परके वाटायचे.

"रोज कोण बसतंय?" ओट्यापाशी उभी असलेली त्याची आई म्हणाली. "सकाळी तीन कारखान्यांच्या फाटकावर जाऊन आलाय तो. तिथं न्या की तुमचं यंत्र."

"तिथं परवानगी नाही हो, आई."

"मग इथं कुणाची काढलीत? उद्या हा सिनेमा चार लोक बघणार. त्यात एखादा कारखानदार असला, तर त्याला काय दिसणार? मांडीवर हात ठेवलेला माणूस."

बाई हसली. आई हसली नाही.

कॅमेरा चालू झाला. स्टँडचा एक पाय हळूहळू आत सरकला आणि कॅमेऱ्यातला टर्नर खिडकीसकट तिरका झाला. कॅमेरावाल्याने त्या पायाला चिकटपट्टी गुंडाळली होती. दोन दिवस टर्नर ती चिकटपट्टीच बघत होता. आज तो उठला.

"कॅमेरा काढा जरा."

पाय आवळायच्या स्क्रूचे आटे गेले होते. त्याने पलंगाखालून तेलकट फडक्यात बांधलेली हत्यारं ओढली. भोक थोडं मोठं केलं, हाताने नवे आटे पाडले, जाड स्क्रू मापाला कापून कानशीने घासला. आईने येऊन पडदा सारला, उजेड त्याच्या हातांवर यावा म्हणून. अर्धा तास काम चाललं. शेवटी त्याने स्क्रू दोन बोटांनी आवळला आणि अंगाचा सगळा भार स्टँडवर टाकला. पाय हलला नाही. मग त्याने त्यावरचे बोटांचे डागही पुसले.

तेव्हा कुठे बाईच्या लक्षात आलं. कॅमेरा पलंगावर, पिशवीत पडून होता.

"दादा," ती ओशाळून म्हणाली, "तेवढं पुन्हा कराल? जुना स्क्रू लावू, चिकटपट्टी गुंडाळू, पहिल्यापासून घेऊ."

टर्नर भिडस्त. हो म्हणालाच असता. त्याआधी आईने जुना स्क्रू उचलून बाईच्या तळहातावर ठेवला.

"हा तुमचा तुम्ही न्या, बाई. नीट केलेली वस्तू माझा मुलगा पुन्हा मोडायचा नाही. दुसरं काही मोडकं असेल तर उद्या घेऊन या. आणि यंत्र आधी चालू करा."