छत्तिसांत एक

कुराता मास्तर देवळाच्या पायऱ्या दोन-दोन करत चढले आणि फुमीआजींसमोर येऊन बसले.

"गुडघा कसा आहे, मास्तर?" आजींनी विचारलं.

"आहे आपला," मास्तरांनी घाईने बैठक बदलली. "उद्याच्या सोडतीबद्दल बोलायचंय."

गल्लीत घरं दहा, प्रत्येक घराची एक चिठ्ठी. देवळाचं अंगण झाडायला आणि गटार उपसायला दर तीन महिन्यांनी दोघांच्या चिठ्ठ्या निघत. मग त्या दोघांनी दर रविवारी सकाळी एकत्र राबायचं. पेटीतून चिठ्ठ्या काढायच्या फुमीआजींनी. पंचाऐंशी वर्षांच्या बाईवर शंका घ्यावी असं कुणाच्या मनातही येत नसे. पण वसंतात सायो आणि ओनुकी निघाले. उन्हाळ्यात पुन्हा तेच दोघं. शरदातही तेच.

सायो इस्त्रीचं दुकान चालवणारी विधवा. ओनुकी चटया विणणारा विधुर, खांदे दाराएवढे. मास्तर चार वर्षं सायोवर जीव टाकून होते. धड न चुरगळलेले शर्टसुद्धा तिच्याकडे इस्त्रीला टाकत. बोलले मात्र कधी नाहीत.

गेल्या रविवारी खिडकीतून त्यांनी पाहिलं, तर दोघं गिंकोच्या झाडाखाली त्या घाणेरड्या वासाच्या बिया वेचत होती आणि नाक दाबून हसत होती. सायोच्या हातात ओनुकीचे हातमोजे. खराटेसुद्धा एकमेकांना टेकवून ठेवलेले. मास्तरांचा असा जळफळाट झाला की त्यांना त्या खराट्यांचाही राग आला.

आजींनी फळीवरून मिठाईचा एक जुना डबा काढून त्यातली चहाची पत्ती किटलीत टाकली. फळीवर असे बरेच डबे रचलेले होते.

मास्तरांनी कागद पसरला. "नीट ऐका. नऊ चिठ्ठ्यांतून दोन. पहिली नऊ प्रकारे, दुसरी आठ प्रकारे. बहात्तर झाले. आधी सायोसान निघाल्या काय नि आधी तो निघाला काय, जोडी तीच. म्हणून निम्मे, छत्तीस. छत्तिसांत एकदा ही जोडी निघणार. सलग तीनदा म्हणजे सेहेचाळीस हजार सहाशे छप्पन्नांत एकदा!"

"नऊच धरल्यात होय?"

मास्तर खोकले. "दहा धरा हवं तर. मग आणखीच अशक्य. आजी, यात लबाडी आहे. तो ओनुकी तुम्हाला काय आणून देतो?"

"तो? त्या बिचाऱ्याने आजवर काडीसुद्धा आणली नाही."

"मग असं कसं होतं? चौथ्यांदा तिला त्याच्याबरोबर धाडलंत, तर नवीन वर्षात ती त्याचंच घर सांभाळायला जाईल!" मास्तरांचा आवाज चिरकला. "पेटी उघडा. आत्ताच्या आत्ता."

आजींनी चहाचा घोट घेतला, पेटी ओढली आणि मास्तरांच्या कागदावर उपडी केली.

दोन चिठ्ठ्या पडल्या. एक सायोची, एक ओनुकीची.

"बाकीच्या?" मास्तर ओरडले. "बाकीच्या कुठं गेल्या?"

आजींनी फळीकडे बोट केलं. "एकाची कंबर, एकीची सासू, एकाची रात्रपाळी. जो तो मिठाईचा डबा घेऊन येतो आणि हळूच सांगतो, माझी तेवढी टाकू नका, कुणाला बोलू नका. मी कुणाला नाही म्हणत नाही, आणि बोलतही नाही. मोजा, आठ डबे आहेत. पहिला तुमचा. मार्चमधला, गुडघ्याचा."

मास्तरांनी बोटाने डबे मोजले. मग त्यांनी विचारलं, "सायोसाननी... काही आणलं नाही?"

"आणले ना, एप्रिलमध्ये तांदळाचे गोड गोळे आणले होते," आजी म्हणाल्या. "माझी चिठ्ठी मास्तरांच्या चिठ्ठीबरोबर काढा म्हणून."