मध्यमगती

साहेब, माझ्या ताईला तुमच्या संघटनेनं जिवंतपणी खोडून टाकलंय. इथल्या बायकांमध्ये जलद गोलंदाजी करणारी पहिली तीच. पण तेव्हा मुलींच्या नोंदणीच्या फॉर्मवर दोनच चौकटी छापलेल्या होत्या: फिरकी आणि मध्यमगती. कारकून म्हणाला, "बाई, कशावर तरी टिक मार आणि रांग पुढे जाऊ दे." तिनं मध्यमगतीवर मारली.

काल ती जलद गोलंदाजीच्या प्रशिक्षकपदासाठी मुलाखतीला आली. वयाच्या अटीमुळे ही शेवटचीच संधी होती. तुम्ही तो जुना फॉर्म पुढे सरकवून हसलात. "कागद खोटं बोलत नाही, ताई. तुम्ही फास्ट कधी नव्हतातच." ती घरी आली आणि तिनं स्पाइक्सचे बूट स्वतःच्या हातानं कचऱ्यात टाकले.

निकाल बदलणार नाही, हे मला पक्कं ठाऊक आहे. समितीही तुमची आणि शिक्काही तुमचाच.

फक्त एवढं सांगा साहेब, "पोरीच्या बोलिंगला हेल्मेट कशाला?" म्हणत सरावाला तिच्यासमोर तुम्ही उभे राहिलात, तेव्हा तुमचं नाक कुठल्या गतीनं मोडलं?