नादव्योमेची वीणा

प्रजासत्ताक दिन तोंडावर आला होता आणि दिल्ली कॅन्टॉन्मेंटमधल्या शेडमध्ये मूर्तिकार गुणवंत संतापाने धुमसत होता. कला, संगीत आणि ब्रह्मांड मिळून एकच नवी देवी करा, असं चित्ररथाचं काम देणाऱ्या साहेबांनीच फर्मावलं होतं. त्याने चित्ररथासाठी थर्माकोलची नादव्योमा घडवली, तर आता म्हणे, "हिला कोण ओळखतं, यार? वीणा काढा, हातात दिवा द्या."

"घ्या, काढतो!" म्हणत त्याने वीणेवर करवत चालवली.

वीणेला तारा नव्हत्याच. तरी एक तार तटकन तुटल्याचा आवाज झाला, आणि गुणवंतचा उजवा हात खांद्यापासून लुळा पडला.

"थांबलात का? चलो, कापा!" साहेब ओरडले.

दातओठ खात त्याने डाव्या हाताने करवत उचलली आणि वर पाहिलं.

त्याने सरळ कोरलेलं देवीचं बोट वाकून दुसऱ्या तारेच्या जागी टेकलं होतं.