रिकाम्या खोलीचा आवाज

मी रिकाम्या खोल्यांवर फिल्म बनवते. त्यात माणसं नाहीत, गोष्ट नाही. नुसत्या भिंती, पडदे आणि खोलीचा स्वतःचा बारीकसा आवाज. "कोण बघणार हे?" असं बाबा दर वेळी विचारायचे आणि उत्तराची वाटही न बघता पेपरात डोकं घालायचे.

या वेळी मी आमच्याच घरातल्या खोल्या घेतल्या. "पाच मिनिटं कुणी हूं की चूं करू नका," असं बजावून मी माईक लावायची आणि चौथ्या मिनिटाला शेजारच्या खोलीत बाबा हमखास खाकरायचे. वर मलाच ऐकवायचे, "घशाला काय तुझं रेकॉर्डिंग कळतं?" सतरा वेळा रेकॉर्ड केलं, सतराच्या सतरा वेळा खाकरले. शेवटी मी हात टेकले. आठवडाभर कानाला हेडफोन लावून एकेक खाकरणं वेचून काढलं, आणि डिस्क भरली म्हणून मूळ रेकॉर्डिंगसकट तो सगळा कचरा पुसून टाकला.

फिल्म पूर्ण झाली तोवर बाबांना जाऊन दोन महिने झाले होते. आईला घरीच दाखवली. ती शेवटपर्यंत जागची हलली नाही. मग म्हणाली, "छान आहे गं. पण शांतता काय, आता घरात भरपूर आहे.

"तू काढलेलं ते खाकरणं कुठे ठेवलंयस? तेवढं लाव."