दोन ओळींमधली जागा

गाणं संपलं तरी आईनं हेडफोन काढला नाही. स्टुडिओतल्या फिरत्या खुर्चीवर ती पर्स मांडीवर धरून बसली होती, दवाखान्यात नंबर यायची वाट बघत बसावं तशी. थोरला मुलगा तिच्या चेहऱ्याकडे बघत होता. ती रडेल हे त्यानं धरूनच ठेवलं होतं. पाण्याचा ग्लासही भरून ठेवला होता. ती रडली नाही. पुन्हा लाव म्हणाली. बाकीच्यांचं बंद कर, फक्त तिचं ऐकव.

तिचं म्हणजे धाकटीचं. चौघांच्या त्या बँडमध्ये गाणारी ती एकटी. बाकीचे तिघे वाजवणारे आणि एकमेकांशी भांडणारे. थोरला भाऊ त्यांचा रेकॉर्डिस्ट. धाकटीची फुफ्फुसं लहानपणापासून अधू. ज्या वॉर्डात तिचं निम्मं बालपण गेलं, तिथल्या मुलांसाठी श्वासाची यंत्रं घ्यायची म्हणून शहरात मोठी दौड ठरली होती, आणि त्या दौडीसाठी बँडनं हे गाणं केलं होतं. गाण्याची सगळी कमाई यंत्रांनाच जाणार होती. ड्रम वाजवणारा ठोक्या तेव्हा म्हणाला होता, हिला धड जिना चढवत नाही आणि ही लोकांना पळायला सांगणार. धाकटी इतकी हसली की तिला धाप लागली, आणि ठोक्याचं तोंड एवढंसं झालं.

ती स्टुलावर बसून गायली. एका दमात एकच ओळ व्हायची. ओळ संपली की माइकसमोरच ती खोल, घरघरता श्वास ओढायची, बोट वर करायची, मग पुढची ओळ. शेवटच्या कडव्यात वाद्यं नकोत, नुसता तिचा आवाज असू दे, असं तिघांनी ठरवलं. त्यांचं एकमत झालेली ती एकच गोष्ट. काम आटोपल्यावर ती बाहेर येऊन भावाशेजारी बसली होती. दम खाऊन झाल्यावर म्हणाली, "दादा, माझी धाप गाण्यात ठेवू नकोस. लोकांनी पळावं, माझी कीव करत बसू नये."

गाणाऱ्यांचे श्वास काढून टाकणं हे त्याचं रोजचंच काम. भल्याभल्यांचे त्यानं काढले होते. पण हे काम त्यानं जीव ओतून केलं. त्यानंतर थोड्याच दिवसांत ती गेली, घरात भेटायला माणसं येत होती, आणि हा स्टुडिओत बसून तिचा एकेक श्वास शोधून कापत होता. तिच्यासाठी करण्यासारखं आता तेवढंच उरलं होतं. श्वास होता तिथे त्यानं निखळ शांतता ठेवली. सगळं मनासारखं झाल्यावर, नेहमीच्या शिरस्त्यानं, मूळ रेकॉर्डिंग पुसून टाकलं. पक्कं झालं की कच्चं ठेवायचं नाही, नाहीतर चुकून तेच बाहेर जातं; मागे एकदा त्याचं तोंड पोळलं होतं.

आता त्यानं वाद्यं बंद केली. धाकटीचा आवाज एकटाच राहिला, धुऊन काढल्यासारखा स्वच्छ. आई कानात प्राण आणून ऐकत होती. ओळ संपली की तिची मान किंचित पुढे यायची, आणि पुढची ओळ सुरू झाली की मागे जायची. थोरल्याला वाटलं, गाणं आवडलंय.

"ही श्वास कुठं घेते?" आईनं विचारलं.

तो उत्साहानं सांगू लागला. श्वास कसे काढले, कापल्याची खूणसुद्धा कशी राहू दिली नाही, धाकटीची तशीच इच्छा होती. आईनं सगळं ऐकून घेतलं. मग हळूहळू बोलायला लागली. लेकीचं गाणं तिनं फारसं ऐकलंच नव्हतं. कार्यक्रमाला गेली तरी लेकीला धाप लागेल या धास्तीनं बाहेर जाऊन उभी राहायची. तिनं आयुष्यभर ऐकला तो शेजारच्या खाटेवरचा श्वास. तो चालू आहे म्हटल्यावर तिचा डोळा लागायचा. आता लागत नाही.

"ते काढलेले मला दे," ती म्हणाली. "गाणं तुम्हाला राहू दे."

पुसलं, हे त्याला दोनदा सांगावं लागलं. आईनं हेडफोन काढला, त्याची वायर नीट गुंडाळून ठेवली, चपला घातल्या आणि निघून गेली. ती रागावली असती तर त्याला बरं वाटलं असतं. तिच्यासाठी भरलेला ग्लास त्यानं तसाच नेऊन ओतून टाकला.

दौडीच्या सकाळी ती येईल असं कुणालाच वाटलं नव्हतं. आली, पण मंचावर तिच्यासाठी ठेवलेल्या खुर्चीकडे फिरकली नाही. दौड संपायच्या रेषेपाशी, स्पीकरच्या खांबाखाली, कठड्याला टेकून उभी राहिली. गाणं पुन्हा पुन्हा लागत होतं. पळणारे रेषा ओलांडून नेमके तिच्यासमोर थांबत होते आणि गुडघ्यांवर हात ठेवून वाकत होते. तरणीताठी पोरं होती, पोट सुटलेले काका होते, वॉर्डातली एक नर्स होती. ठोक्याही आला, पाय ओढत, लालबुंद होऊन, आणि तिच्या पायाशीच बसला. सगळ्यांच्या छातीचा भाता झाला होता.

थोरला गर्दीतून वाट काढत तिच्यापाशी पोचला. मंचावर सगळे तिच्यासाठी खोळंबले होते. गाण्याचं शेवटचं कडवं लागलं होतं, वाद्यं थांबली होती आणि आईचे डोळे मिटलेले होते. त्यानं तिच्या दंडाला हात लावला आणि चल म्हणाला. तेवढ्यात वर धाकटीची ओळ संपली. मागे त्यानं कापलेली जागा राहिली, आणि त्या जागेत समोर वाकलेल्या माणसांची धाप ऐकू येऊ लागली.

आईनं डोळे न उघडता त्याचा हात घट्ट धरला.

"थांब जरा," ती म्हणाली. "श्वास घेतेय ती."