उजव्या बाहीवरचा ससाणा

पायदळ डिव्हिजनचा झेंडा अकादमीपासूनच्या सोबत्याच्या, हेंड्रिकच्या हातात गेला, म्हणजे तिची कमान त्याच्याकडे आली, आणि उपप्रमुख क्रॉस्बीचा नुसता जळफळाट झाला. वाळवंटातल्या लढाईत क्रॉस्बीसह ही डिव्हिजन रक्त सांडत पुढे सरकत होती, तेव्हा हा हेंड्रिक वॉशिंग्टनच्या कचेरीत नकाशे रंगवत होता. आणि आता मैदानभर जवान त्याच्यासाठी ताठ उभे!

सलामीसाठी क्रॉस्बीची पाळी आली. त्याने कडक सलाम ठोकला. हेंड्रिकनेही हात उचलला, पण तो खाली घेईचना. वरिष्ठाने घेतल्याशिवाय कनिष्ठाला हात खाली घेता येत नाही. 'सगळ्यांदेखत माझी जिरवतोय लेकाचा,' क्रॉस्बी मनात धुमसला.

मग त्याला हेंड्रिकची नजर दिसली. ती क्रॉस्बीच्या उजव्या बाहीवरच्या ससाण्यावर खिळली होती. डिव्हिजनचा, पिवळ्या ससाण्याचा बिल्ला डाव्या बाहीवर सगळेच लावत. उजवीकडे मात्र तो डिव्हिजनसोबत युद्धात लढलेल्यांनाच लावता येई. हेंड्रिकची उजवी बाही कोरी होती.

"झेंडा तू घे," हेंड्रिक पुटपुटला, "तो ससाणा मला दे."

"नाही जमायचं, सर."

क्रॉस्बीचा खांदा भरून आला होता, पण हात खाली घ्यायची त्याला आता मुळीच घाई नव्हती.