बोळातलं गेट
“वरच्या कोर्टात अपील टाकलंस, पण स्टे कुठाय? गेट काढायचा हुकूम अजून लागूच आहे!” केस टाकणारे शेजारचे काका बोळात ओरडत होते. “आज अवमानाची सुनावणी आहे, सरळ आत जाशील!” वेल्डरने डोळ्यांवर गॉगल चढवला. गेट त्यानेच आपल्या आईसाठी बनवलेलं. आईला हल्ली घरचा पत्ताही आठवायचा नाही. दोनदा ती हायवेवर सापडली होती. काकांना मात्र सामायिक बोळात कुलूप खपत नव्हतं. त्याने कटर लावला, ठिणग्या उडाल्या, गेट धाडकन खाली आलं. वाट मोकळी दिसताच आई अनवाणीच निघाली. त्याने तिला धरलं आणि तिचा हात काकांच्या हातात दिला. “घ्या, झाला बोळ मोकळा. तेवढं हिला सांभाळा.” “अरे, पण मलाही कोर्टात...” “तुमचा वकील आहे की! हात सोडू नका. मला आता निघायला हवं.”